भाऊंचा लाइट

समारंभातली कुठली गोष्ट सगळ्यांत जास्त आवडते असं मराठी माणसाला विचारलं, तर तो नाटक म्हणेल, गाणं म्हणेल, फार तर प्रसाद म्हणेल. साफ खोटं. त्याला आवडतं आभारप्रदर्शन, आणि त्यातसुद्धा फक्त स्वतःचं नाव. दुसऱ्यांची नावं चालू असताना तो वाकून चपला शोधत असतो, पण कान माईककडेच. नाव आलं की 'कशाला उगाच' असं पुटपुटतो आणि शेजाऱ्यानं ऐकलं ना, ते हळूच बघून घेतो. आणि नाव आलंच नाही तर काही म्हणजे काही बोलत नाही. तिथून पुढे जे होतं ते फार शांतपणे होतं.

मुलुंडच्या जांभूळवाडीत पंचावन्न सालच्या गणेशोत्सवात ते झालं, आणि केलं श्यामकांत टिपणीसनं.

श्यामकांत फोर्टातल्या एका विमा कंपनीत कारकून होता. आवाज खणखणीत आणि स्वभाव गरीब. असला माणूस कमिटीच्या नजरेला पडला की आभारप्रदर्शन त्याच्या गळ्यात आलंच म्हणून समजा. कागद बघून आभार मानणं त्याला कमीपणाचं वाटायचं, म्हणून त्यानं स्वतःची एक युक्ती काढली होती. डोळे मिटून तो मनातल्या मनात वाडीच्या फाटकातून आत शिरायचा आणि एकेका बिऱ्हाडावरून चालत थेट मागच्या विहिरीपर्यंत जायचा. वाटेत जो भेटेल त्याचे आभार. फाटकाशी कमिटीचे अध्यक्ष मधुकरराव वैद्य, मग सतरंज्या देणारे, मग मखर करणारे, मग आरतीला वेळेवर न येणारे पण तबला बरा वाजवणारे. विहीर आली की आभार संपले. या युक्तीनं तीन वर्षांत एकही नाव सुटलं नव्हतं, आणि त्याचा त्याला थोडा गर्वही झाला होता.

चौथ्या वर्षी सुटलं, कारण भाऊ पारुळेकर फाटकाच्या बाहेर राहत होते.

भाऊ कस्टममधून रिटायर झालेले. वाडीच्या कुंपणाला लागून त्यांचं स्वतःचं बैठं घर होतं. वाडीत तेव्हा वीज आली नव्हती आणि भाऊंच्या घरी होती, त्यामुळे उत्सवाचा लाइट दर वर्षी भाऊंच्या खिडकीतून यायचा. मांडवातले दिवे, मखरातली माळ, माईक, सगळं त्या एका वायरवर. आदल्या तीन वर्षांत त्यांचं नाव सुटलं नव्हतं, कारण ते मधुकररावांच्या शेजारी खुर्ची टाकून बसलेले असायचे आणि अध्यक्षांपाठोपाठ आपोआप जिभेवर यायचे. या वर्षी ते मागे बसले. श्यामकांतनं उद्‌घाटनाच्या संध्याकाळी सगळ्यांचे आभार मानले, अगदी पोस्टमनचेसुद्धा. भाऊंनी शेवटपर्यंत ऐकलं, टाळ्या वाजवल्या, प्रसाद घेतला आणि घरी गेले.

दुसऱ्या दिवशी सकाळी श्यामकांत ऑफिसला निघाला तेव्हा भाऊ ओट्यावर पेपर वाचत होते. रोज ते पेपरातून डोकं न काढता म्हणायचे, "काय रे श्याम, आज पण उशीर?" आज त्यांनी पेपराची नीट घडी केली, उठून उभे राहिले आणि दोन्ही हात जोडले.

"नमस्कार, टिपणीससाहेब. निघालात?"

काहीतरी भयंकर झालं आहे हे श्यामकांतला तिथल्या तिथे कळलं, पण काय ते कळेना. गल्लीच्या टोकापर्यंत तो कालची वाट मनातल्या मनात पुन्हा चालला. फाटक, वैद्य, सतरंज्या, मखर, विहीर. टोकाला वळताना त्याचं सहज मागे लक्ष गेलं, तर भाऊंच्या खिडकीतून निघालेली वायर जांभळाच्या झाडावरून वाडीत गेलेली दिसली. त्या दिवशी ऑफिसात त्यानं एका जिवंत माणसाला मयत दाखवलं.

संध्याकाळी तो घरीही न जाता आधी भाऊंकडे गेला. चूक झाली म्हणाला, कान पकडतो म्हणाला. भाऊंनी त्याला खुर्ची दिली, पाहुण्यांसाठीच्या कपबशा काढायला लावून कॉफी दिली आणि कसली चूक म्हणून विचारलं. छे छे, त्यांच्या तर ध्यानातही आलं नव्हतं. नावात काय असतं? उलट आभार इतके छान झाले, की मंडळींनी श्यामकांतला आता दादरला वगैरे पाठवायला हवं. रागावलेल्या माणसाची माफी मागता येते, पण जो रागावलोच नाही म्हणतो त्याच्यापुढे करायचं काय? श्यामकांतनं कॉफी संपवली. तो उठायला लागला तेव्हा भाऊ सहज म्हणाले, "शनिवारी नाटक आहे म्हणे. छान, छान. मी हल्ली आठाला मेन स्विच बंद करून झोपतो. डॉक्टरांनी सांगितलंय."

नाटक सातला सुरू होऊन नऊ वाजेपर्यंत चालणार होतं. श्यामकांतनं तसं चाचरत सांगितलं.

"मी नाही कुठे म्हणतोय?" भाऊ म्हणाले. "लाइट काय, वीजकंपनीचा आहे. मी कोण देणारा? फक्त आपलं सांगून ठेवलं."

एरवी नाटकाचं एवढं काही नसतं. बुडालं तर बुडालं, पुढच्या वर्षी करू म्हणून मंडळी पत्ते कुटायला मोकळी झाली असती. पण या वर्षी नाटकात नीला होती, श्यामकांतची बायको. आजवर वाडीत नायिका व्हायचा तो शेवटच्या खोलीतला दशरथ, गिरणीत कामाला जाणारा, मिशी काढून आणि पदर सावरत. या वर्षी कुणीतरी म्हणालं की आता सगळीकडे बायकांची कामं बायकाच करतात, मग आपणच का मागे? आणि नीलाचं नाव निघालं. तिनं शाळेत असताना एकदा काम केलं होतं आणि त्या कामाची ती लग्नानंतर चार वर्षं आठवण काढत होती. प्रश्न होता श्यामकांतच्या आईचा. माईंनी दोन दिवस विचार केला, तिसऱ्या दिवशी भाजी निवडता निवडता म्हणाल्या, "एकदा करून घे, हौस फिटू दे. पण एकदाच हं. पुन्हा हा विषय या घरात निघायचा नाही."

त्या एका संध्याकाळसाठी नीला महिनाभर कणीक तिंबताना संवाद म्हणत होती. विहिरीवर कळशी भरायला गेली की रहाटाशी भांडण करून यायची. श्यामकांतला ती तशी फार आवडायची, आणि आपल्या एका विसरण्यापायी तिचा पहिला अंक अर्ध्यात अंधारात जाणार या विचारानं त्याला जेवण जाईना.

कमिटी बसली. दशरथ म्हणाला, "गॅसबत्ती काय वायट? आमच्या गावाक दशावतार रात्रभर तिच्यावरच होता." गॅसबत्ती आणून तालीम करून पाहिली. बत्तीचा असा सूं आवाज, की नीलाचं बोलणं तिसऱ्या माणसापर्यंत जाईना. दशावतारातला राजा गावाच्या वेशीवर ऐकू जाईल असा ओरडतो, नीलाला तर पहिल्या प्रवेशात सासूशी हळू बोलायचं होतं. आणि बत्तीभोवती जमलेल्या किड्यांपैकी दोन सासूच्या तोंडात गेले. बत्ती परत पाठवली.

नीलानं उकडीचे मोदक करून भाऊंकडे डबा दिला. संध्याकाळी डबा परत आला, घासून, पुसून, आणि रिकामं भांडं परत करू नये म्हणून आत वाटीभर साखर. इतकं बिनचूक वागणं बघून श्यामकांतला घाम फुटला. डबा नुसता ढकलून दिला असता तरी परवडलं असतं.

शेवटी त्यानं ठरवलं की शनिवारी पडदा उघडण्याआधी माईकवर यायचं आणि सगळ्यांदेखत भाऊंचे विशेष आभार मानायचे. मधुकररावांना हे पटलं नाही. भाऊंचे विशेष म्हणजे परवा आमचे मानले ते साधे होते का, असं त्यांनी विचारलं. सतरंज्यावाल्यांनी विचारलं. मखरवाल्यांनी विचारलं नाही, पण ते खिडकीबाहेर बघायला लागले, आणि श्यामकांतला आता ते बघणं चांगलं ओळखता येत होतं. तेव्हा सगळ्यांचेच विशेष आभार पुन्हा मानायचे असा ठराव झाला. आधी भाऊ, मग फाटकातून आत.

शनिवारी दुपारी नीला भाऊंकडे गेली ती नथ मागायला. भाऊ घरी नव्हते, वाचनालयात गेले होते. त्यांच्या बायकोनं, जानकीकाकूंनी, नथ काढून दिली, स्वतः तिच्या नाकात घालून बघितली, आणि मग फळीवरचा मोठा डबा उघडून तिच्यापुढे चिवड्याची बशी ठेवली. चिवडा किंचित सादळला होता. काकू म्हणाल्या, खा बाई, तूच खा, कमिटीसाठी केलेला आहे. दर वर्षी उत्सवाच्या आधी मधुकरराव चार माणसं घेऊन यायचे. भाऊ, यंदाही लाइट हवाय, असं म्हणायचे. भाऊ आधी नाही म्हणायचे, फ्यूज जुना आहे म्हणायचे, मग तासभर गप्पा व्हायच्या आणि शेवटी हो म्हणायचे. भाऊ त्या दिवसाची वाट बघायचे. रिटायर झाल्यापासून त्यांच्याकडे काही मागायला येतं कोण? या वर्षी त्यांनी आठवडाभर आधी चिवडा करायला लावला आणि स्वच्छ सदरा घालून रोज ओट्यावर बसले. कुणी आलंच नाही. गेल्या वर्षीची वायर जांभळावर गुंडाळून ठेवलेली होतीच, भाऊ बाजारात गेलेले असताना दशरथनं ती सोडून खिडकीतून आत सरकवली आणि बिचाऱ्या काकूंनी प्लग लावून दिला.

"मग मीच विचारते त्यांना," नीला म्हणाली.

"तू स्वयंपाकघरात मला विचारून काय होणार?" काकू म्हणाल्या. "चार माणसांत विचारायला हवं गं."

नीला धावत घरी आली. श्यामकांत खोलीत डोळे मिटून येरझाऱ्या घालत होता, आता फाटकाच्या बाहेरून सुरुवात करून. "अहो, ऐका तरी," ती म्हणाली. त्यानं हात वर केला. आता काही सांगू नकोस म्हणाला, मखरापर्यंत आलोय, क्रम चुकला तर पुन्हा भाऊ राहतील. ती दोनदा बोलायला गेली आणि दोनदा त्यानं हात वर केला. नवऱ्यांना एकेकदा बायकोचं ऐकण्यापेक्षा तिच्यासाठी कष्ट करणं सोपं जातं. तेवढ्यात तिला रंगवायला बोलावणं आलं.

सात वाजता मांडव गच्च भरला. पुढे पोरं, मग बायका, मग पुरुष, आणि ज्यांनी दुपारीच रुमाल टाकून जागा धरल्या होत्या ते लोक आता एकमेकांचे रुमाल ओळखत नव्हते. माई बायकांच्या पहिल्या रांगेत पदर घट्ट लपेटून बसल्या होत्या, फजिती बघायची तयारी ठेवून. भाऊ पुरुषांच्या पहिल्या रांगेत. श्यामकांत पडद्यापुढे आला आणि त्यानं भाऊंचे आभार मानले. असे आभार त्या वाडीत पूर्वी कुणाचे झाले नव्हते. त्यात सूर्य आला, कर्ण आला. भाऊ समोरच्या खांबाकडे बघत होते. त्यांच्या चेहऱ्यावरची माशीही हलली नाही.

श्यामकांतला वाटलं, सूर्य थोडा कमी पडला. तो पुढे निघाला. वैद्यांचे विशेष आभार, सतरंज्यांचे विशेष आभार. आणि मग त्याच्या ध्यानीमनी नसलेलं झालं. लोकांना कळलं की आज माणूस आभार द्यायला मोकळ्या हातानं उभा आहे. मागून कुणीतरी विचारलं, पाण्याची पिंपं कोणी भरली? त्यांचे मानले. मग सुतळीचं विचारलं गेलं. मग खिळ्यांचं. एका आजींनी सांगितलं की पोरांना त्यांनी गप्प बसवलं आहे, म्हणून त्यांचे मानावे लागले, आणि ते मानेपर्यंत पोरं पुन्हा उठली. कुणाचे आभार झाले की तो उभा राहून सगळ्या दिशांना नमस्कार करायचा. पडद्याआड दशरथ 'आटप रे' म्हणून कुजबुजत होता. तो या वर्षी नायिकेचा सासरा होता आणि दाढीला घाम येऊन ती सुटत चालली होती.

श्यामकांत अजून विहिरीपाशी पोचला नव्हता, तोच भाऊंनी खिशातलं घड्याळ काढलं, कानाला लावलं आणि उठून उभे राहिले. आठ वाजायला आले होते.

"चालू द्या, चालू द्या," भाऊ म्हणाले. "माझी झोपायची वेळ झाली."

मांडवात सगळ्यांना माहीत होतं की भाऊ उठले म्हणजे काय उठलं. पोरंसुद्धा गप्प झाली. जन्मात पहिल्यांदा श्यामकांतला माईकपुढे एक शब्द सुचेना, आणि त्याला खरोखर रडू यायला लागलं. बायकांच्या रांगेत माईंनी मान हलवली.

तेव्हा पडदा मधोमध फाकला आणि नीला बाहेर आली. नऊवारी, नाकात काकूंची नथ, चेहऱ्यावर रंग. तिनं नवऱ्याकडे बघितलंही नाही. स्टेजच्या कडेशी येऊन ती हात जोडून उभी राहिली.

"भाऊ, आम्हांला नाटक करायचंय," ती म्हणाली. "तुमचा लाइट हवाय. द्याल का?"

भाऊ थांबले. पण वळले नाहीत.

"आता विचारताय?"

"आता विचारतेय. आधी विचारायला हवं होतं. आम्ही तुमची वायर घेतली आणि तुम्हांला विचारायचं राहिलं. आभाराचं काय, ते मागाहूनचं."

मधुकरराव वैद्य खुर्चीत बसल्या बसल्या लाल झाले, आणि मग उठून भाऊंच्या समोर गेले आणि त्यांनीही विचारलं, अगदी दर वर्षी विचारायचे तसं. भाऊ, यंदाही लाइट हवाय. श्यामकांत स्टेजवरून बघत होता. भाऊंच्या मानेची ताठ शीर हळूहळू सैल पडली. भाऊ म्हणाले की फ्यूज जुना आहे. मधुकरराव म्हणाले की माहीत आहे. भाऊ म्हणाले, घरात विचारावं लागेल. तर बायकांमधून जानकीकाकूंचा आवाज आला, "दिला म्हणून सांगा हो त्यांना. बिचाऱ्या पोरीच्या पायाला मुंग्या आल्या असतील."

लोक हसले. भाऊंनी हसू दाबलं.

"नाटक संपेपर्यंत," ते बोट वर करून म्हणाले. "नाटक संपेपर्यंतच. आणि फ्यूज गेला तर लावायला कुणीतरी हवं. मी घरी बसतो स्विचपाशी. खिडकीतून ऐकू येतं सगळं."

आणि खरंच ते गेले. खिडकीत त्यांचं डोकं दिसायला लागलं, हातात फ्यूजची तार घेऊन, कर्तव्यावर बसलेलं.

पडदा उघडला. नीलाचं पहिलं वाक्य कुणाला ऐकू गेलं नाही. दुसरं पुढच्या पोरांना गेलं. तिसऱ्याला तिनं मान वर केली आणि सासूला असं काही बोलली, की मागच्या रांगेतला माणूस शेंगा सोलायचा थांबला. हळूच बोलत होती, पण आता ते शेवटच्या खांबापर्यंत पोचत होतं. श्यामकांत विंगेत दोरी धरून उभा होता. ही बाई आपल्या घरी चार वर्षं राहते आणि आपण हिला ओळखत नव्हतो, असं त्याला वाटलं, आणि त्याचं त्याला वाईट वाटण्याऐवजी फार बरं वाटलं. दुसऱ्या अंकात नायिका घर सोडून निघते तेव्हा दशरथची दाढी हातात आली, तरी कुणी हसलं नाही. शेजारची बाई काहीतरी विचारायला लागली तर माईंनी तिला गप्प बस म्हणून चापट मारली.

नाटक संपलं. पडदा पडला, टाळ्या झाल्या, पडदा पुन्हा उघडला. लोकांनी चपला शोधायला वाकायच्या आत मधुकररावांनी श्यामकांतला विंगेतून पुढे ढकललं. समारोपाचे आभार राहिले होते. श्यामकांतनं नीलाकडे एकदा बघितलं, घसा साफ केला आणि डोळे मिटून हात जोडले.

"सर्वप्रथम," तो म्हणाला, आणि लाइट गेला.

मांडव, मखर, माईक, सगळं एकदम गेलं. गणपतीपुढच्या समईची तेवढी एक ज्योत राहिली. क्षणभर कुणाला काही कळेना. मग कळलं. भाऊंनी शब्द पाळला होता, नाटक संपेपर्यंतच. आधी श्यामकांतच हसला, मग दशरथ, मग सगळा मांडव, आणि हसता हसता कुणीतरी टाळी वाजवली. मग दुसरी आली. बघता बघता अंधारात सगळीकडून टाळ्या यायला लागल्या. मघाच्या टाळ्या रिवाजाच्या होत्या. या वाजवताना कोण वाजवतंय हे कुणालाच दिसत नव्हतं, आणि त्या थांबेनात. श्यामकांतनं चाचपडत नीलाचा हात शोधला.

टाळ्या ओसरल्या तेव्हा बायकांच्या पहिल्या रांगेतून माईंचा आवाज आला. त्या कुंपणाकडे तोंड करून बोलत होत्या.

"भाऊ, जागे आहात ना? मी आत्ताच विचारून ठेवते. पुढच्या वर्षी आमच्या सुनेच्या नाटकाला लाइट द्याल का?"

"फ्यूज जुना आहे, माई," भाऊ अंधारातून म्हणाले. "कमिटी घेऊन या. बसू, बोलू, मग बघू."